अधीन राहून

नेमणुकीच्या आदेशात सातव्या कलमाशी एक ओळ आहे,
बारीक टायपात, शिक्क्याखाली अर्धी झाकलेली :
"सदर नियुक्ती मा. उच्च न्यायालयातील याचिकेच्या
अंतिम निर्णयास अधीन राहून."
आईने आदेश देवापुढे ठेवला, हळदकुंकू वाहिलं.
कुंकवाचं बोट नेमकं त्या ओळीवर पडलं.

शाळा धडगावच्या पुढे, जीप सोडल्यावर चार किलोमीटर.
एक खोली, दोन पत्रे गळके, पट एकतीस.
मुलं पावरी बोलतात, मी घरी अहिराणी,
पुस्तक तिसरंच काहीतरी बोलतं.
पहिले तीन महिने आम्ही
एकमेकांच्या भाषेत नुसते चुकत होतो.

चुकण्यावरूनच तर सगळं आहे.
प्रश्न क्रमांक त्र्याहत्तर :
मूल सर्वांत चांगले कशाने शिकते?
अ, स्वतःच्या चुकांतून. ब, सरावातून.
पहिल्या उत्तरसूचीत अ बरोबर होतं,
सुधारित उत्तरसूचीत ब.
मी ब चा गोल भरला होता. का, ते आठवत नाही.
पंखा बंद होता, घामाने पेन निसटत होतं.
त्या गोलाने मी आठ नावं वर चढले
आणि शिंदखेड्याचा हिलाल बोरसे
रेषेच्या खाली गेला.

म्हणून तो अर्जदार.
मी प्रतिवादी क्रमांक एकोणीस.

रोज सकाळी फळ्याच्या उजव्या कोपऱ्यात
मी वार लिहिते, तारीख लिहिते.
तिसरीतली रूमली विचारते,
मॅडम, तुम्ही तारखेला जाता
ती तारीख कोण लिहितं?

शहाद्याहून रात्रीची गाडी. दोंडाईचा, धुळे, चाळीसगाव,
मग कन्नडचा घाट, ट्रकांच्या रांगेत पहाट.
मागच्या खेपेला धुळ्यात हिलाल चढला.
रिकामी जागा एकच होती, माझ्या शेजारी.
त्याची फाईल निळी, माझी हिरवी,
आत दोघांच्याही तीच उत्तरसूची.
घाटात गाडी दीड तास अडकली तेव्हा
त्याने फडकं सोडलं. कळण्याची भाकरी, ठेचा.
"ल्या ताई. मन्ही मायनी बांधी दिधी."
मी घेतली. ठेचा जहाल होता, डोळ्यांत पाणी आलं.
तेवढं कारण पुरलं.

जिनिंगवर काट्यापाशी पावत्या लिहितो तो.
म्हणाला, वयाची अट फेब्रुवारीत संपते.
म्हणाला, तुमच्यावर राग नाही,
पण तुमचं नाव वगळून याचिका उभी राहत नव्हती,
वकील तसं म्हणाला.
मग बराच वेळ काचेबाहेरच्या काळोखाकडे बघून :
"तठला पोरे कसा शेतस?"
मी सांगितलं. जामसिंग वजाबाकीत हातचा विसरतो,
रोज विसरतो. हल्ली स्वतःच खोडतो.
हिलाल हसला. "मंग अ च बराबर ना?"
मी म्हटलं, रोज करतो म्हणून खोडता येतं.
घाट संपेपर्यंत आम्ही त्याच प्रश्नावर होतो.
मागच्या सीटवरचा म्हातारा म्हणाला, झोपू द्या आता.

कोर्टात आमचा क्रमांक एकशे बेचाळीस.
हजेरी घ्यावी तशी प्रकरणं पुकारत होते.
आम्ही शेवटच्या बाकावर, दोघंही हजर,
आमचं नाव कुणी घेतलं नाही.
साडेचारला एकशे अठराव्यापाशी साहेब उठले.
वकिलाने पुढची तारीख
डायरी न उघडताच सांगितली.

परवा शाळेत पोचले तर फळ्याच्या कोपऱ्यात
माझ्यामागे कुणीतरी तारीख लिहून ठेवलेली.
पाच उलटा, वार चुकलेला, महिना मात्र बरोबर.
मी डस्टर उचललं. परत ठेवलं.
रूमली, बघ बरं एकदा, म्हटलं.
ती आली, तळव्याने पाच पुसला,
पुन्हा लिहिला.
पुन्हा उलटाच.
थोडं थांबली. पुन्हा पुसला.